गोव्यातील 'ओरलें घर' : इन्क्विझिशनचा वाडा व त्याची बंदिशाळा

आपल्या ज्ञातीतील अनेक घराण्यांच्या कुळवृत्तांतात एक गोष्ट हमखास आढळते. मूळ गाव गोव्यातील साष्टी महालात. कुलदेवता मात्र त्या गावी नाही, ती झुआरी नदीपलीकडे अंत्रुज महालात. श्रीमंगेश कुशस्थळीहून प्रियोळास आले, श्रीशांतादुर्गा केळोशीहून कवळ्यास, श्रीम्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळास आणि श्रीरामनाथ लोटलीहून बांदिवड्यास. देवांनी हे स्थलांतर का केले, असे लहान मुलांनी विचारले म्हणजे वडीलधारी मंडळी 'फिरंग्यांच्या जुलमामुळे' एवढेच उत्तर देऊन स्वस्थ बसतात. उत्तर खोटे नाही, परंतु अपुरे आहे. त्या जुलमाची अंगे अनेक होती, आणि त्यांपैकी ज्या एका अंगाचे नाव उच्चारताना लोकांचा आवाज अडीचशे वर्षे खाली येत असे, ते म्हणजे इन्क्विझिशन ही धर्मन्यायसभा. तिचा वाडा, त्यातील बंदिशाळा आणि त्या दोहोंचा शेवट यांविषयी जी विश्वसनीय माहिती आहे ती ज्ञातिबांधवांपुढे संक्षेपाने ठेवावी, एवढाच ह्या लेखाचा हेतू आहे.

संस्थेचा उगम

इन्क्विझिशन ही काही गोव्यात जन्मलेली संस्था नव्हे. ख्रिस्ती धर्मातील पाखंड शोधून काढून त्याचे शासन करावे, ह्या हेतूने ती युरोपात मध्ययुगातच निर्माण झाली होती. स्पेनमध्ये तिला 1478 मध्ये पोपची नवी सनद मिळाली आणि सेव्हिल शहराजवळ नदीकाठी असलेल्या त्रियाना येथील किल्ल्यात तिने आपले ठाणे व तुरुंग थाटला. पोर्तुगालमध्ये ती 1536 मध्ये स्थापन झाली आणि पुढे लिस्बन येथील रोसियो चौकातील एस्ताऊश नावाच्या राजवाड्यात तिचा मुक्काम पडला. ह्या दोन्ही देशांत ज्यू लोकांना सक्तीने ख्रिस्ती करण्यात आले होते. हे 'नवे ख्रिस्ती' घरात गुप्तपणे जुना धर्म पाळतात, असा संशय राज्यकर्त्यांना व धर्मगुरूंना सतत येत असे, आणि ह्या संशयावरच ती संस्था पोसली गेली.

येथे एक गोष्ट वाचकांनी ध्यानी घ्यावी. ह्या सभेचे आसन अनेक ठिकाणी एखाद्या राजवाड्यात, किल्ल्यात वा राजवाड्यासारख्या भव्य इमारतीत मांडले गेले. दर्शनी बाजूस प्रासाद आणि मागील बाजूस कारागृह, अशी तेथे तिची रचना असे. सत्तेचे वैभव रस्त्यावरच्या माणसाला दिसावे आणि आत काय चालते ते मात्र कोणासही दिसू नये, असा त्यात दुहेरी हेतू होता. गोव्यातही हेच घडले.

आदिलशहाचा वाडा

अफोन्सो द आल्बुकर्क याने 1510 च्या नोव्हेंबरात विजापूरकरांपासून गोवा शहर कायमचे जिंकून घेतले. त्या वेळी शहराच्या मध्यभागी आदिलशहाचा वाडा उभा होता. पोर्तुगीज त्यास 'साबायोचा वाडा' म्हणत. प्रारंभीचे गव्हर्नर व व्हाइसरॉय ह्याच वाड्यात राहात असत. 1554 मध्ये व्हाइसरॉयचे बिऱ्हाड तेथून हलून नदीच्या धक्क्याजवळील किल्ल्याच्या वाड्यात गेले. वयोवृद्ध व्हाइसरॉयास जुन्या वाड्याच्या पायऱ्या चढवत नसत, असे त्याचे कारण सांगतात.

इकडे संत फ्रान्सिस झेवियर यांनी 1546 मध्येच पोर्तुगालच्या राजास पत्र लिहून गोव्यात इन्क्विझिशन पाठविण्याची मागणी केली होती. ती मागणी त्यांच्या निधनानंतर, म्हणजे 1560 मध्ये, फलद्रूप झाली. आलेइशो दियश फाल्काँव हा पहिल्या इन्क्विझितोरांपैकी एक होय. सभेसाठी तोच रिकामा वाडा देण्यात आला. पूर्वेकडील आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून चीनच्या मकाव बंदरापर्यंत जेवढा पोर्तुगीजांचा अंमल, तेवढा ह्या वाड्याचा अधिकार. आपल्या उत्तर कोकणातील वसई आणि गुजरातच्या सीमेवरील दमण येथेही त्याचे 'कमिसारी' असत, आणि तेथे धरलेली माणसे समुद्रमार्गे गोव्यास पाठविली जात.

पोर्तुगीज ह्या वाड्यास 'सांता काझा', म्हणजे पवित्र घर, म्हणत. गोव्याच्या सामान्य जनतेने मात्र त्यास आपल्या कोंकणी बोलीत 'ओरलें घर' असे नाव दिले. ओरलें म्हणजे थोरले. ज्या घराचे खरे नाव घेण्याची भीती वाटते, त्यास लोक असे साधे नाव ठेवितात.

आतील बंदिशाळा

ह्या वाड्याच्या आत काय होते, हे बाहेरच्या जगास कळू नये अशी पुरी व्यवस्था होती. सुटणाऱ्या कैद्याकडून आत पाहिलेले व ऐकलेले कोठेही न सांगण्याची शपथ घेतली जाई. तरीही एक मनुष्य बोलला. देलों नावाचा एक तरुण फ्रेंच वैद्य दमण येथे राहात होता. धर्मविषयक काही बोलणी त्याने मोकळेपणाने केली आणि तेथील अधिकाऱ्यांचा मत्सर त्यास भोवला, असे तो स्वतः सांगतो. 1673 मध्ये त्यास दमणास अटक झाली, 1674 च्या जानेवारीत तो गोव्याच्या वाड्यात कोंडला गेला आणि 12 जानेवारी 1676 रोजी त्यास शिक्षा सुनावण्यात आली. पुढे सुटका होऊन स्वदेशी गेल्यावर त्याने 1687 मध्ये आपली हकीकत छापून प्रसिद्ध केली. आज आपण त्या वाड्याविषयी जे जाणतो, त्यातील फार मोठा भाग ह्या एका पुस्तकामुळे जाणतो.

देलों लिहितो की, वाड्याच्या दर्शनी भागास तीन दरवाजे होते. मधला दरवाजा मोठा असून त्यातून भव्य जिन्याने सभागृहात जाता येई. बाजूच्या दरवाजांनी इन्क्विझितोरांच्या राहत्या दालनांत. मागील अंगास चौक सोडून दुमजली इमारत होती आणि तीत सुमारे दोनशे कोठड्या होत्या. प्रत्येक कोठडी सुमारे दहा फूट लांब व तितकीच रुंद, चुन्याने पांढरी केलेली आणि वर घुमटाकार छत असलेली. उजेड येण्यास उंचावर गजांची एक लहान खिडकी. भिंतींची जाडी पाच फूट. प्रत्येक कोठडीस एकामागे एक असे दोन दरवाजे, त्यांपैकी आतल्या दरवाज्यास अन्न देण्यापुरती झडप. सकाळी काही तास बाहेरचा दरवाजा हवा खेळण्यासाठी उघडीत, एरवी दोन्ही बंद. आत चटई, पाण्याचे भांडे, झाडू इत्यादि मोजक्या वस्तू.

अन्नाच्या बाबतीत फारशी उपासमार नव्हती. सकाळी सहा, दहा व दुपारी चार अशा तीन वेळा जेवण मिळे. एतद्देशीय कैद्यांस सकाळी पेज व नंतर भात-मासे. गोऱ्यांस पाव, तळलेले मासे व फळे. आजारी पडल्यास वैद्यही येई. मग त्या जागेची एवढी दहशत कशाची होती? तर ती शांततेची होती. सज्जांतून पहारेकरी सतत फिरत. कोणी मोठ्याने बोलला, रडला, एवढेच नव्हे तर मोठ्याने देवाची प्रार्थना केली, तरी त्यास मार बसे. शेजारच्या कोठडीत कोण आहे हे महिनोन् महिने कळत नसे. वाचावयास पुस्तक नाही, रात्री दिवा नाही. ज्या घराचे नाव पवित्र, त्या घरात कैद्यांस चर्चची उपासनाही लाभत नसे. सकाळच्या प्रहरी यातना दिल्या जाणाऱ्यांचे आक्रोश तेवढे कानी येत, असे देलों सांगतो. ह्या एकांतास कंटाळून त्याने स्वतः एकाहून अधिक वेळा आत्महत्येचा प्रयत्न केला.

चौकशीची पद्धतही ह्या एकांताला साजेशी होती. कैद्यास सभेपुढे उभे करून पहिला प्रश्न विचारीत तो असा की, तुला येथे का आणले हे तुला ठाऊक आहे काय? आरोप कोणता हे सांगावयाचे नाही, आरोप करणाऱ्याचे नावही सांगावयाचे नाही. कैद्याने आपला गुन्हा आपणच आठवून कबूल करावयाचा. ज्याने नुसते भीतीने भलतेच काही कबूल केले, त्यास त्या कबुलीसाठी इतरांची नावे द्यावी लागत. अटक होताच मालमत्तेची यादी होऊन तिच्यावर जप्ती येई. ह्या पद्धतीमुळे शेजारी शेजाऱ्याला, नोकर धन्याला आणि कित्येकदा घरचे माणूस घरच्या माणसाला भिऊ लागे. पाच फूट जाडीच्या भिंतींपेक्षा हे भय अधिक मजबूत होते, असे म्हणावयास प्रत्यवाय नाही.

शिक्षेचा सोहळा

काही वर्षांच्या अंतराने साठलेल्या कैद्यांच्या शिक्षा एकाच दिवशी जाहीर होत. त्या सोहळ्यास 'आवतू द फे', म्हणजे श्रद्धेचे कृत्य, असे नाव होते. त्या पहाटे कॅथीड्रलची मोठी घंटा वाजे आणि सारे शहर रस्त्यावर लोटे. कैद्यांस रात्रीच उठवून कपडे देण्यात येत. पिवळ्या कापडावर तांबडा क्रूस असलेला 'सांबेनितो' मिळाला तर प्राण वाचले. करड्या कापडावर ज्वाळा व राक्षस रंगविलेला 'सामार्रा' मिळाला तर मरण. कित्येकांस आपला निकाल प्रथम ह्या कपड्यांवरूनच कळे.

देलोंने जो सोहळा पाहिला त्यात कैद्यांची संख्या दोनशेच्या आसपास होती. त्यांस अनवाणी शहरभर फिरवून संत फ्रान्सिसच्या चर्चमध्ये नेले. तेथे प्रवचनकाराने ह्या सभेची तुलना नोहाच्या तारवाशी केली. फरक एवढाच, की तारवात शिरलेला पशू बाहेर पडताना पशूच राहिला. येथे मात्र लांडगा शिरतो आणि कोकरू बाहेर पडते, अशी त्याने मखलाशी केली. त्या दिवशी एक एतद्देशीय ख्रिस्ती पुरुष व एक स्त्री यांस जाळण्यात आले, आणि पूर्वीच मेलेल्या चौघांची प्रेतेही सोडली नाहीत; त्यांची हाडे जाळण्यात आली. देलोंस स्वतःस पाच वर्षे वल्ही मारण्याची शिक्षा झाली.

मृतांसही न सोडण्याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण गार्सिया द ओर्ता याचे होय. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारी मान पावलेला हा पोर्तुगीज वैद्य. हिंदुस्थानातील औषधी वनस्पतींवरील त्याचा मोठा ग्रंथ 1563 मध्ये गोव्यातच छापला गेला. तो 1568 मध्ये निधन पावला. पुढील वर्षी त्याच्या बहिणीस गुप्तपणे ज्यू धर्म पाळल्याच्या आरोपावरून जाळण्यात आले, आणि 1580 मध्ये त्याची हाडे थडग्यातून उकरून तीही जाळली.

कैदी कोण होते?

ह्या ठिकाणी आपल्या लोकांच्या एका समजुतीची शहानिशा करणे आम्हांस आवश्यक वाटते. देवळे इन्क्विझिशनने पाडली, असे आपल्याकडे सर्रास बोलले जाते. ते बरोबर नाही. तिसवाडी बेटावरील देवळे 1540 च्या सुमारासच सरकारी आज्ञेने नष्ट झाली होती, आणि साष्टीतील देवळे 1567 मध्ये राशोल किल्ल्याच्या कप्तानाने उद्ध्वस्त केली. हे काम व्हाइसरॉयांचे, कप्तानांचे व मिशनरी पंथांचे. बाप्तिस्मा न घेतलेल्या हिंदूवर इन्क्विझिशनचा अधिकार तत्त्वतः नव्हताच. परंतु कोणी धर्मांतरात अडथळा आणला, बाटलेल्यास जुन्या विधीत साहाय्य केले, किंवा पोर्तुगीज हद्दीत मनाई असलेले संस्कार केले, तर त्यास ओढून नेण्याची वाट तिने काढली होती. म्हणून पुष्कळ हिंदू कुटुंबे धर्मकृत्यांसाठी हद्दीपलीकडे जात.

पण ह्या कोठड्यांत खितपत पडलेल्यांचा विचार करू लागलो म्हणजे एक गोष्ट प्रकर्षाने पुढे येते. प्रारंभी ज्यू वंशाचे युरोपीय आणि पुढे मुख्यत्वेकरून एतद्देशीय नवख्रिस्ती, हेच तिचे खरे भक्ष्य होते. ते कोण? जे गाव सोडू शकले नाहीत, जमीन व गावकरी ज्यांना सोडवली नाही, किंवा ज्यांच्या वाडवडिलांनी कोणत्याही कारणाने बाप्तिस्मा घेतला, तेच. त्यांत आपल्या ज्ञातीचे होते, तसेच इतर सर्व जातींचे होते. नदी ओलांडून गेला तो भाऊ देव घेऊन गेला. मागे राहिला तो भाऊ ह्या वाड्याच्या छायेत राहिला.

मागे राहिलेल्यांच्या घरात काय चालले होते, ते 1736 मध्ये इन्क्विझिशनने काढलेल्या जाहीरनाम्यावरून स्पष्ट दिसते. ख्रिस्ती लोकांनी लग्नात ओव्या गाऊ नयेत, हळद लावू नये, विधी म्हणून विडा-सुपारी व फुले वाटू नयेत, अंगणात तुळस लावू नये, एकादशीस उपास करू नये, हिंदूंप्रमाणे मीठ न घालता भात शिजवू नये, पुरुषांनी पुडवे व स्त्रियांनी चोळी वापरू नये, अशा बारीकसारीक मनाया त्यात आहेत. वाड्याची स्थापना होऊन तेव्हा 176 वर्षे लोटली होती. एवढ्या काळानंतरही ही मनाई काढावी लागली, याचा अर्थ सात-आठ पिढ्यांनंतरही त्या घरांतून ओव्या ऐकू येत होत्या आणि अंगणात तुळस उभी होती. आमच्या मते तर हा जाहीरनामा त्या संस्थेच्या पराभवाचेच कागदपत्र होय.

आकड्यांविषयी दोन शब्द लिहिणे अवश्य आहे. भावनेच्या भरात कोणी हजारो, कोणी लाखो जाळले असे सांगतात. उपलब्ध नोंदींवरून केलेली गणना अशी की, 1561 ते 1774 या काळात सुमारे सोळा हजार माणसांवर खटले झाले, आणि 71 जाहीर सोहळ्यांत 4,046 जणांस शिक्षा सुनावली गेली. त्यांत 3,034 पुरुष व 1,012 स्त्रिया होत्या. 57 जणांस प्रत्यक्ष जाळले आणि 64 जणांच्या प्रतिमा जाळल्या. 57 हा आकडा कोणास लहान वाटेल. पण एका छोट्या प्रदेशात सोळा हजार खटले म्हणजे जवळपास प्रत्येक गावातील कोणी ना कोणी त्या जिन्यावरून चढून गेलेला होता. हे प्रमाण ध्यानी घेतले म्हणजे आकडा फुगविण्याची गरज उरत नाही, आणि फुगविल्याने आपल्याच साक्षीची किंमत कमी होते.

शेवट

पोर्तुगालचा पंतप्रधान पोंबाल याच्या कारकीर्दीत, 1774 मध्ये, गोव्याचे इन्क्विझिशन बंद झाले. तो पदच्युत होताच 1778 मध्ये ते पुनः सुरू झाले. 1808 च्या जानेवारीत क्लॉडियस ब्युकॅनन नावाचा एक स्कॉटिश धर्मोपदेशक गोव्यास आला. त्याने देलोंचे पुस्तक खुद्द एका इन्क्विझितोरासच वाचावयास दिले आणि मग खालच्या कोठड्या व कैदी दाखविण्याची विनंती केली. इन्क्विझितोराने देलोंच्या वर्णनातील बराचसा भाग खरा असल्याचे मान्य केले. कोठड्या मात्र दाखविल्या नाहीत. सभागृहात हात जोडून बसलेली एक गरीब स्त्री तेवढी ब्युकॅननच्या दृष्टीस पडली. शेवटी 1812 च्या जूनमध्ये ही संस्था कायमची रद्द झाली.

त्यानंतर दोन वर्षांनी, 1814 मध्ये, सरकारी संमतीने तिचे दप्तर जाळण्यात आले. माणसे जाळणाऱ्या सभेचे कागदही अखेर अग्नीसच अर्पण झाले, आणि त्यांच्याबरोबर हजारो माणसांच्या जबान्या नाहीशा झाल्या. सुदैवाने काही पत्रव्यवहार ब्राझिलमधील रिओ द जानेरो येथे आणि 1623 मध्ये तयार झालेली 3,800 खटल्यांची एक मोठी सूची लिस्बन येथे उरली आहे. वाड्याची कथाही तशीच. शहर रोगराईने ओस पडत चालले होते आणि राजधानी पणजीकडे सरकली होती. 1830 च्या सुमारास पडका वाडा पाडून त्याचे दगड नव्या शहरातील बांधकामास नेले. 1859 मध्ये संत झेवियर यांच्या शवदर्शनाच्या निमित्ताने तेथील ढिगारा उपसताना भुयारी जिना व माणसांची हाडे सापडली, असे फोन्सेका या गोमंतकीय इतिहासकाराने नमूद केले आहे. मेक्सिको शहरातील व दक्षिण अमेरिकेतील कार्ताहेना येथील इन्क्विझिशनचे वाडे आजही उभे असून तेथे संग्रहालये आहेत. लिस्बनचा वाडा 1836 मध्ये जळाला व त्या जागी राष्ट्रीय नाट्यगृह उभे राहिले. जुन्या गोव्यात मात्र कॅथीड्रलजवळच्या त्या जागी पाहण्यासारखे काही उरलेले नाही. सेंट कजेतान चर्चच्या आवारातील एक दगडी दरवाजा तेवढा आदिलशाही वाड्याचा म्हणून यात्रेकरूंना दाखविला जातो.

वाडा नाही आणि दप्तरही नाही, अशा स्थितीत हा इतिहास आपल्यापर्यंत पोहोचविण्याचे श्रेय ज्यांना आहे, त्यांत आपल्या प्रियोळ गावचे प्रा. अनंत काकबा प्रियोळकर यांचे स्मरण केले पाहिजे. 1961 मध्ये, गोवा मुक्त होण्याच्या सुमारास, त्यांनी ह्या विषयावरील आपला इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला आणि देलों व ब्युकॅनन यांच्या हकीकती अभ्यासकांना पुनः उपलब्ध करून दिल्या. त्यात द्वेष नाही, पुरावा आहे. 2000 मध्ये खुद्द पोप दुसरे जॉन पॉल यांनी धर्माच्या नावाने पूर्वी झालेल्या जुलमांबद्दल जाहीरपणे ईश्वराची क्षमा मागितली. तेव्हा हा विषय काढला म्हणजे कोणाचा अवमान होतो, असे मानण्याचे कारण नाही.

ज्ञातिबांधवांस आमची दोन प्रकारची विनंती आहे. ज्या घरांतून जुनी कुळवृत्तांताची बाडे, देवस्थानची पत्रे, जमिनीचे कागद असतील त्यांनी ती वाळवीच्या स्वाधीन न करता त्यांची नक्कल करून ठेवावी. ज्या संस्थेने गुप्ततेवर राज्य केले आणि शेवटी आपले दप्तरही जाळून टाकले, तिच्या हिशोबातील एखादी ओळ अशा कागदात सापडणे अगदी शक्य आहे. दुसरी विनंती अशी की, कुलदेवतेच्या जत्रेस प्रियोळास, कवळ्यास वा म्हार्दोळास जाल, तेव्हा मुलांना देव नदीपार का आले एवढेच सांगू नका. नदीच्या त्या तीरावर जे मागे राहिले, त्यांचे काय झाले तेही सांगा. आज तेथे चर्चमध्ये जाणारी जी कुटुंबे आहेत, त्यांतील कित्येकांचे मूळ गाव तेच आहे जे आपले आहे. त्या थोरल्या घराच्या कोठड्यांत त्यांच्याच आजे-पणज्यांचा काळ गेला. त्यांच्याविषयी आपल्या मनात परकेपणा असू नये, आपुलकीच असावी, आणि हा इतिहास त्यांच्यासह वाचण्याचा प्रसंग आला तर तो आपण आनंदाने साधावा.